दोन खोल्यांतले नाट्य आणि फिलिपिन्सचा स्वतंत्र चित्रपट

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे. चिपळूणजवळच्या एका घरात घडणारा पहिला दीर्घ चित्रपट तुम्ही लिहिला आहे. घरात सासू, थोरली सून, तिची शाळकरी मुलगी आणि धाकटा मुलगा राहतात. थोरला मुलगा जहाजावर नोकरीला आहे आणि त्याने पाठवलेल्या पैशावर घर चालते. भांडवल तुटपुंजे आहे आणि चित्रीकरणाचे दिवस मोजके आहेत. ‘फिलिपिनो स्वतंत्र चित्रपट पाहा’ असे अनेकांनी सांगितल्यावरून तुम्ही त्यांतले दोन-तीन पाहिले, पण गोंगाट आणि हलता कॅमेरा यांखेरीज त्यांतून काय घ्यावे हे उमगले नाही. शिवाय घरातल्या भांडणावरचा चित्रपट दूरचित्रवाणीवरच्या मालिकेसारखा वाटेल ही धास्ती तुमच्या मनात आहे.

मी तीसेक वर्षे संकलक म्हणून काम करतो आहे आणि त्यातली बरीच वर्षे फिल्म सोसायटीत फिलिपिन्सचे चित्रपट दाखवतो, त्यांवर बोलतो. त्या अनुभवावरून सांगतो, की या चित्रपटांतून सर्वांत आधी घ्यावा तो जागेचा आणि पैशाचा चोख हिशेब. कोण कुठे झोपते, दाराची किल्ली कोणाकडे असते, भाजीचे पैसे कोणाच्या बटव्यातून जातात, आंघोळीचे पाणी कोण तापवते, या गोष्टी लेखकाने आधी पक्क्या केलेल्या असतात आणि भांडण त्यांच्यातून उगवते. आपल्याकडे बहुतेक वेळा भांडण आधी लिहिले जाते आणि घर नंतर शोधले जाते. हलता कॅमेरा ही त्या हिशेबानंतरची, अगदी शेवटची गोष्ट आहे आणि ती घेतली नाही तरी काही बिघडत नाही.

सुरुवात लीनो ब्रोका या फिलिपिनो दिग्दर्शकाच्या ‘इन्सियांग’पासून करा. १९७६ चा हा चित्रपट मनिलातल्या तोंदो या दाट वस्तीत घडतो आणि १९७८ मध्ये तो फ्रान्समधल्या कान महोत्सवात ‘डिरेक्टर्स फोर्टनाइट’ या विभागात दाखवला गेला. त्याची सुरुवात कत्तलखान्यात होते. डुकरे कापली जात आहेत, उकळत्या पाण्यात टाकली जात आहेत आणि तिथे काम करणारा दादो हा पुरुष आपल्याला दिसतो. त्यानंतर आपण एका घरात जातो. तोन्या ही बाजारात मासळी विकणारी, नवऱ्याने टाकलेली बाई, तिची तरुण मुलगी इन्सियांग आणि त्यांच्या आश्रयाला राहिलेले तोन्याच्या नवऱ्याचे नातेवाईक अशी घरात गर्दी आहे. तोन्या या नातेवाइकांना घराबाहेर काढते. तोंडाने ती सांगते की एवढ्या माणसांना पोसणे तिला परवडत नाही, आणि ते खोटेही नाही. पण खरे कारण असे, की तिला दादोला घरात आणायचे आहे आणि त्यासाठी जागा हवी आहे.

हा प्रसंग तुम्ही थांबवून थांबवून पाहावा. नातेवाईक गेल्यावर त्या घरात तीन माणसे उरतात आणि त्यांच्यामध्ये केवळ एक पातळ भिंत असते. पुढे जे घडते, म्हणजे दादोने इन्सियांगवर केलेला बलात्कार, आईने मुलीवर विश्वास न ठेवता तिलाच दोष देणे, आणि मुलीने अतिशय शांतपणे घेतलेला सूड, त्या सगळ्याची तयारी जागा रिकामी करण्याच्या त्या भांडणातच झालेली असते. घर भरलेले असताना जे शक्य नव्हते ते घर रिकामे झाल्यावर शक्य होते. दु:ख कोणत्या फटीतून घरात शिरले हे प्रेक्षकाने डोळ्यांनी पाहिलेले असते, म्हणून पार्श्वसंगीताने ते पुन्हा सांगावे लागत नाही. हिल्डा कोरोनेलने इन्सियांग आणि मोना लिसा या ज्येष्ठ अभिनेत्रीने तोन्या साकारली आहे. आई मुलीला रागावते तेव्हा मोना लिसाच्या चेहऱ्यावर एका बाईने दुसऱ्या बाईकडे पाहावे तशी असूया येते आणि क्षणात जाते. हे पाहिल्यानंतर सासू-सुनेच्या प्रसंगात भुवया उंचावणारे तीन क्लोजअप लावण्याची इच्छा उरत नाही.

तुमच्या धास्तीच्या संदर्भात आणखी एक गोष्ट सांगण्यासारखी आहे. ‘इन्सियांग’ची कथा मारियो ओ’हारा याने मुळात दूरचित्रवाणीसाठी लिहिली होती. म्हणजे ज्या चित्रपटाला आज आशियाई वास्तववादाचा नमुना मानतात तो छोट्या पडद्यावरूनच आलेला आहे. दूरचित्रवाणी किंवा अतिनाट्य हा शत्रू नाही. ब्रोकाने अतिनाट्य कधीच टाकले नाही. बलात्कार, सूड, खून, तुरुंगातली भेट हे सगळे त्याच्याकडे आहे. फक्त त्या प्रत्येक वळणाला पैशाचे, जागेचे आणि वस्तीच्या नजरेचे कारण आहे. तोंदोच्या त्या गल्लीत घरातले भांडण ऐकायला बाहेर माणसे उभी असतात, आणि घरातल्या माणसांनाही ते ठाऊक असते. चाळीत राहिलेल्या कोणाही माणसाला हे समजावून सांगावे लागणार नाही.

ब्रोकाचा ‘बोना’ (१९८०) यानंतर लगेच पाहा, कारण घरातल्या वस्तूचा उपयोग कसा करावा याचा इतका स्वच्छ धडा माझ्या पाहण्यात दुसरा नाही. नोरा औनोरने साकारलेली बोना ही खाऊनपिऊन सुखी घरातली मुलगी चित्रपटांत किरकोळ भूमिका करणाऱ्या एका नटाच्या नादाने घर सोडते आणि त्याच्या खोपटात त्याची मोलकरीण होऊन राहते. ती लांबून पाणी भरून आणते, ते चुलीवर तापवते आणि त्याला आंघोळ घालते. हे एकदा होत नाही, पुन्हा पुन्हा होते, आणि दरवेळी आपण ते अधिक सरावाने पाहतो, जसे घरातल्या बाईचे काम आपण सगळेच पाहतो. शेवटी तो तिला सोडून जायचे ठरवतो तेव्हा ती तेच उकळते पाणी त्याच्या अंगावर ओतते. संकलक म्हणून मला या रचनेचे फार मोल वाटते. तापलेल्या पाण्याचे भांडे दीड तास पडद्यावर वावरले आणि आपल्याला ते प्रेमाचे वाटत राहिले. तुमच्या संहितेत सून रोज सासूच्या पायाला तेल लावते असे तुम्ही लिहिले आहे. तो प्रसंग एकदाच आहे. तो तीनदा असायला हवा आणि तिसऱ्या वेळी त्यात काहीतरी बदललेले असायला हवे.

तिसरा चित्रपट माइक दे लेओनचा ‘किसापमाता’ (१९८१). निक होआकिन या थोर फिलिपिनो लेखकाने एका खऱ्या हत्याकांडावर लिहिलेल्या वृत्तलेखावर तो आधारलेला आहे. निवृत्त पोलीस अधिकारी दादोंग, त्याची गप्प बायको, बँकेत नोकरी करणारी मुलगी मिला आणि तिने निवडलेला तरुण नोएल अशी चार माणसे त्यात आहेत. इथे झोपडी नाही. नीटनेटके, मध्यमवर्गीय, कुंपण आणि फाटक असलेले घर आहे. मुलीला दिवस गेलेले असल्याने बाप लग्नाला होकार देतो, पण त्यासाठी मुलाकडून जबर रक्कम मागतो. आणि लग्न झाल्यावर नवऱ्या मुलाला कळते की बायको त्याच्या खोलीत येणार नाही, कारण आईला बरे नाही आणि मुलीने तिच्याजवळ झोपायला हवे. रात्री फाटकाला कुलूप लागते. भयपटातला एकही ठोकताळा न वापरता हे घर प्रेक्षकाच्या अंगावर काटा आणते, आणि ते जमते ते दार, जिना आणि फाटक यांच्या शॉट्समुळे. कोण दार उघडतो, कोण ठोठावतो, कोणाला ठोठावण्याची गरज वाटत नाही, एवढेच पाहत राहा.

त्या वेळच्या मनिलातल्या प्रेक्षकाला या चित्रपटात आणखी एक घर दिसत होते. राष्ट्राध्यक्ष फर्डिनांड मार्कोस यांनी सप्टेंबर १९७२ मध्ये लष्करी कायदा पुकारला होता. जानेवारी १९८१ मध्ये तो कागदोपत्री उठला, तरी सत्ता त्यांच्याच हाती राहिली. त्याच वर्षीच्या नाताळात महोत्सवात आलेल्या चित्रपटातला बाप ‘मी सगळे तुमच्या भल्यासाठीच करतो आहे’ अशा आवाजात बोलत असेल, तर प्रेक्षकाला निराळे सांगावे लागत नसे. पण दे लेओनने देशाचे रूपक करण्यासाठी बापाला ढिला सोडलेला नाही. तो आधी बाप आहे, त्याच्या आवडीनिवडी आहेत, त्याची भीती खरी आहे. आपल्याकडे हल्ली ‘या घराच्या रूपाने मी समाज दाखवतो आहे’ असे दिग्दर्शक आधीच सांगून टाकतात आणि मग घरातली माणसे पुतळे होतात. तुमच्या सासूला मी तेवढ्यासाठीच जपायला सांगेन. ती कशाचेही प्रतीक नसावी.

या सगळ्या नाट्यामागे एक कायदेशीर वास्तव आहे आणि ते माहीत नसेल तर निम्मे फिलिपिनो घरगुती चित्रपट उगाच ताणलेले वाटतात. फिलिपिन्समध्ये बहुसंख्य नागरिकांसाठी घटस्फोटाचा कायदा नाही. मुस्लिम नागरिकांसाठी १९७७ च्या वैयक्तिक कायद्यात तशी तरतूद आहे. बाकीच्यांना विवाह मुळातच रद्दबातल ठरवून घेण्याचा खर्चिक आणि वेळखाऊ मार्ग तेवढा उरतो. त्यामुळे नवरा दुसरे घर करतो, पहिली बायको कागदावर बायको राहते, दुसरी कायम दुसरीच राहते आणि मुले दोन्ही घरांत असतात. इश्माएल बेर्नालचा ‘रेलास्योन’ (१९८२) हा विल्मा सांतोस या अभिनेत्रीचा चित्रपट अशाच दुसऱ्या बाईच्या बाजूने पाहतो. तिच्या वाट्याला स्वयंपाक, सेवा, वाट पाहणे हे सगळे येते, पण तो माणूस मेला की त्याच्यावर हक्क कोणाचा हा प्रश्न येतो तेव्हा तिला उभे राहायला जागा नसते. कायदा घरात कुठे बसलेला असतो हे दाखवण्याची ही पद्धत शिकण्यासारखी आहे. तुमच्या कथेत घर सासूच्या नावावर आहे की सासऱ्यांच्या पश्चात सातबाऱ्यावर सगळ्यांची नावे चढली आहेत, हे संहितेत कुठेही नाही. ते तुम्ही स्वत: ठरवले आहे का?

आता ‘स्वतंत्र’ या शब्दाविषयी थोडेसे, फार नाही. ब्रोका, बेर्नाल, दे लेओन ही मंडळी स्टुडिओच्या व्यवस्थेत राहून, कधी तिच्याशी भांडून, कधी स्वत:ची संस्था काढून काम करत होती. ‘बोना’ तर खुद्द नोरा औनोरच्या निर्मितीसंस्थेचा आहे. नव्वदच्या दशकाच्या अखेरीस तिथल्या एका मोठ्या स्टुडिओने ‘पितो-पितो’ नावाचा प्रकार सुरू केला. ‘पितो’ म्हणजे सात, आणि नावाप्रमाणेच चित्रीकरण अवघ्या काही दिवसांत उरकायचे. अशा अटीत लाव दियाझ आणि जेफ्री जेतुरियन यांच्यासारख्यांचे पहिले चित्रपट झाले. मग डिजिटल कॅमेरा आला, आणि २००५ मध्ये मनिलाच्या सांस्कृतिक केंद्रात ‘सिनेमालाया’ महोत्सव सुरू झाला. निवडलेल्या संहितांना तिथे प्रत्येकी पाच लाख पेसोंचे बीजभांडवल मिळे. त्या पहिल्याच वर्षी आलेला ‘आंग पाग्दादालागा नी माक्सिमो ओलिवेरोस’ हा चित्रपट घरगुती नाट्य म्हणून मला फार जवळचा वाटतो. बारा वर्षांचा माक्सी हा मुलगा, आई नसलेल्या घरात बापाचे आणि दोन भावांचे जेवण रांधतो, कपडे धुतो, शिवतो; बाप आणि भाऊ चोऱ्यामाऱ्या करून जगतात, आणि माक्सीचा जीव जडतो तो वस्तीत नव्याने आलेल्या एका तरुण पोलिसावर. मुलाचे बायकी वागणे घरात कोणालाच खटकत नाही. घर त्याच्याच जिवावर चाललेले आहे, हे त्या तिन्ही पुरुषांना पुरते माहीत आहे. इतक्या प्रेमळ गुन्हेगारांचे घर मी दुसरीकडे पाहिलेले नाही.

मुख्य मुद्द्याकडे परत येतो. तुम्हाला ज्याचा गोंगाट वाटला ते चित्रपट बहुधा ब्रिलान्ते मेंदोझा या दिग्दर्शकाचे असावेत. त्यांच्याविषयी सविस्तर बोलायला हवे, कारण त्यांची नक्कल करणारे सर्वाधिक आहेत आणि त्यांतले बहुतेक जण चुकीची गोष्ट उचलतात.

‘सर्बिस’ (२००८) मध्ये आंखेलेस शहरातल्या एका मोडकळीला आलेल्या चित्रपटगृहातच मालकीणबाईंचे अख्खे कुटुंब राहते. पडद्यावर अश्लील चित्रपट चालू असतात, अंधारात देहविक्रयाचे सौदे होत असतात, आणि वरच्या मजल्यांवर स्वयंपाक, मुलाचा अभ्यास, भांडणे, आंघोळी चालू असतात. चित्रपटगृहाचे नाव आहे ‘फॅमिली’. आजी न्यायालयात गेलेली आहे, नवऱ्यावर द्विभार्येचा खटला भरलेला आहे आणि पोटच्या मुलाने बापाच्या बाजूने साक्ष दिली आहे. रस्त्यावरच्या वाहनांचा आवाज इतका चढा ठेवला आहे की संवाद अनेकदा बुडतात. कान महोत्सवात त्यावर टीकाही झाली. पण घराला बाहेरच्या जगापासून वेगळे करणारी भिंत या कुटुंबाकडे उरलेली नाही, हे कथानकातून सांगण्याऐवजी मेंदोझाने प्रेक्षकाच्या कानातून सांगितले आहे. आवाज हा तिथे मजकूर आहे.

माझ्या कामातला एक अनुभव इथे सांगतो. काही वर्षांपूर्वी एका जुन्या वाड्यात चित्रित झालेला घरगुती चित्रपट माझ्याकडे संकलनाला आला. चित्रीकरणाच्या वेळी रिक्षांचा आणि लाउडस्पीकरचा त्रास नको म्हणून खिडक्या लावून घेतल्या होत्या आणि पुढे सगळे संवाद स्टुडिओत पुन्हा डब केले होते. रफ कट पाहताना सगळ्या खोल्या एकसारख्या ऐकू येत होत्या. स्वयंपाकघरातले भांडण आणि माडीवरचे भांडण यांत फरकच राहिला नव्हता. दोघे भाऊ वाटणीवरून भांडतात तो प्रसंग नाटकातल्यासारखा उभा होता. आम्ही ध्वनिमुद्रकाला घेऊन एका रात्री पुन्हा त्या वाड्यात गेलो आणि नुसता आवाज टिपला: शेजारच्या घरातला मिक्सर, टाकी भरल्यावर वाहू लागणारे पाणी, कोणीतरी जिना चढताना होणारी फळ्यांची करकर, दूरची आरती. तो आवाज प्रसंगाखाली घातल्यावर भावांच्या संवादांतल्या जवळपास दोन मिनिटांच्या ओळी अनावश्यक ठरल्या आणि आम्ही त्या काढल्या. भाऊ आवाज का दाबून बोलत आहेत हे आता जिन्यावरची करकर सांगत होती. त्या रात्रीपासून मी प्रत्येक दिग्दर्शकाला सांगतो, की चित्रीकरण लोकेशन साउंडवरच, म्हणजे जागेवर टिपलेल्या आवाजावरच करा आणि प्रत्येक खोलीचा किमान पाच मिनिटांचा मोकळा आवाज वेगळा टिपून ठेवा. त्याला पैसे लागत नाहीत.

मेंदोझाचा ‘लोला’ (२००९) हा मला त्याच्या चित्रपटांत सर्वांत थोर वाटतो आणि तुमच्या कामालाही तोच सर्वाधिक उपयोगी पडेल. ‘लोला’ म्हणजे आजी. मालाबोन हा मनिलाला लागून असलेला भाग पावसाळ्यात पाण्याखाली असतो. गल्ल्यांतून होड्या फिरतात. एका आजीच्या नातवाचा भोसकून खून झाला आहे आणि तो दुसऱ्या आजीच्या नातवाने केला आहे. एकीला शवपेटीचे पैसे जमवायचे आहेत, दुसरीला नातू सोडवायचा आहे. चित्रपटाच्या आरंभी ही पहिली आजी लहान मुलाला सोबत घेऊन, खून झाला त्या जागी, सोसाट्याच्या वाऱ्यात मेणबत्ती लावण्याचा प्रयत्न करते. काडी पेटते, विझते, पुन्हा पेटते, पुन्हा विझते. कॅमेरा घाई करत नाही. पात्र कोण, खून कोणाचा, हे काहीच अजून आपल्याला माहीत नसते. म्हातारीची चिकाटी तेवढी कळते, आणि पुढचा सगळा चित्रपट त्या चिकाटीवर उभा राहतो.

शेवटाकडे दोघी आज्या समोरासमोर बसतात. खटला मागे घेण्याच्या रकमेची बोलणी व्हायची आहेत. आणि दोघी बोलतात ते सांधेदुखीविषयी, कोणत्या पाल्याने आराम पडतो त्याविषयी. आपल्याकडे अशा प्रसंगाला ‘मिटवून टाकणे’ हा नेमका शब्द आहे आणि ज्यांनी गावातले मिटवणे पाहिले आहे त्यांना ठाऊक असेल, की खऱ्या मिटवण्याआधी असेच पाऊसपाणी आणि गुडघेदुखी बोलली जाते. रक्कम नंतर निघते. एका नातवाच्या मरणाची किंमत दोघी मिळून ठरवत आहेत, आणि तरीही त्या क्षणी त्या दोघींइतके एकमेकींना समजून घेणारे तिसरे कोणी जगात नाही. अनिता लिंदा आणि रुस्तिका कार्पियो यांनी हे केले आहे. तुमच्या संहितेतला सासू आणि सून यांचा शेवटचा प्रसंग चार पाने आहे आणि त्यात दोघी एकमेकींना आपापली बाजू समजावून सांगतात. तो लिहिण्याआधी ‘लोला’तला हा प्रसंग पाहा, एवढेच सुचवतो.

‘मा’ रोझा’ (२०१६) साठी जॅक्लिन होसे यांना कानमध्ये सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचे पारितोषिक मिळाले. रोझा वस्तीतले छोटे वाणसामानाचे दुकान चालवते आणि त्याच्या आडून थोडे अमली पदार्थही विकते. चित्रपट सुरू होतो तो मोठ्या दुकानातल्या खरेदीने. मोजणीच्या खिडकीवरच्या मुलीकडे सुटे नाहीत म्हणून ती गोळ्या देऊ करते आणि रोझा त्या नाण्यांसाठी हुज्जत घालते. त्या रात्री पोलीस नवराबायकोला उचलतात आणि सोडण्यासाठी मोठी रक्कम मागतात. मोठी तीन मुले ती गोळा करायला बाहेर पडतात. एक दूरचित्रवाणी संच विकतो, एक स्वत:ला विकतो, मुलगी नातेवाइकांच्या दारोदार जाऊन अपमान गिळत हात पसरते. चित्रपटभर पैसे मोजले जातात. कोणीही ‘आमचे कुटुंब एकमेकांवर किती प्रेम करते’ असे म्हणत नाही. मुले पैसे आणून ठेवतात. इथे तुमच्या उपयोगाची गोष्ट म्हणजे ती सुट्या नाण्यांची हुज्जत. रकमेचा आकडा पुढे वाढत जाणार आहे हे लेखकाला माहीत असल्याने त्याने सर्वांत लहान नाण्यापासून आरंभ केला.

याच पंगतीत बसणारा आणि भारतात गौरवलेला चित्रपट म्हणजे जेतुरियनचा ‘कुब्रादोर’ (२००६). दिल्लीच्या ओशियन्स-सिनेफॅन महोत्सवात त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा आणि जिना पारेन्योला अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला होता. ‘हुएतेंग’ या बेकायदा आकड्यांच्या जुगाराचे पैसे घरोघर फिरून गोळा करणारी एमी ही त्याची नायिका आहे. मटका ज्यांना ऐकून-पाहून माहीत आहे त्यांना हे काम लगेच कळेल. ती गल्लीबोळांतून चालते आणि कॅमेरा तिच्या पाठीमागून चालतो. तिच्या मेलेल्या सैनिक मुलाची आकृती मधूनच तिच्या आसपास दिसते आणि त्याचा कोणी गाजावाजा करत नाही. हलता कॅमेरा कुठे शोभतो ते इथे कळते. एमीला बसायला वेळ नाही म्हणून कॅमेऱ्यालाही नाही. तुमची सासू दिवसभर ओटीवरच्या एकाच खुर्चीवर बसून घर चालवते. तिच्यासाठी कॅमेरा हलवणे चूक ठरेल.

आता जहाजावरच्या मुलाविषयी. या बाबतीत फिलिपिनो चित्रपट आणि तुमची कथा यांचे नाते थेट आहे, कारण मार्कोस यांच्या राजवटीत १९७४ पासून कामगार परदेशी पाठवणे हे तिथले सरकारी धोरण झाले, आणि आज कुटुंबातले कोणी ना कोणी दुबईत, हाँगकाँगमध्ये किंवा जहाजावर असणे ही तिथली नेहमीची स्थिती आहे. गोव्यातल्या तारवटी कुटुंबांना आणि कोकणातल्या चाकरमान्यांच्या घरांना हे परके वाटू नये. क्रूझ जहाजांवर गोव्याची आणि फिलिपिन्सची मुले एकाच खोलीत राहतात. २००० सालचा ‘आनाक’ हा व्यावसायिक चित्रपट हाँगकाँगमध्ये घरकाम करून परतलेल्या आईचा आहे. ती वर्षानुवर्षे परक्यांची मुले सांभाळून परत येते आणि तिची स्वत:ची मुलगी तिला आई म्हणून स्वीकारत नाही. हॅना एस्पियाचा ‘ट्रान्झिट’ (२०१३) इस्रायलमधल्या फिलिपिनो कामगारांचा आहे, जिथे लहान मुलाला हद्दपारीच्या भीतीने घरातच लपवून ठेवावे लागते. या दोन्हींत दूर गेलेल्या माणसाची जागा घरात कशी राहते हे पाहा. फोन, खोके, भेटवस्तू, भिंतीवरचा फोटो, आणि ‘त्याने पाठवले’ म्हणून कोणाला न वापरू दिलेली वस्तू, अशी ती जागा असते. तुमचा थोरला मुलगा सध्या व्हिडिओ कॉलवर येतो आणि बोलतो. तिसऱ्या कॉलनंतर त्याची अनुपस्थितीच संपते. मी ते कॉल एकावर आणेन, आणि उरलेल्या वेळी त्याने पाठवलेला फ्रीज घरात बोलू देईन. तो कोणाच्या खोलीच्या दाराशी ठेवला आहे हे महत्त्वाचे आहे.

एक इशाराही द्यायला हवा. परदेशी महोत्सवांसाठी दारिद्र्य सजवून दाखवले जाते ही टीका फिलिपिन्समध्येच सर्वांत जोरात झाली. २०११ मध्ये तर ‘आंग बाबाए सा सेप्टिक टँक’ हा याच वृत्तीची खिल्ली उडवणारा चित्रपट सिनेमालायातच आला आणि लोकांनी डोक्यावर घेतला. टीका खरी आहे, आणि तरी ती सगळ्यांना सरसकट लागू पडत नाही. माझी कसोटी साधी आहे: पात्राला स्वत:च्या घरातले काय आवडते हे दिग्दर्शकाला माहीत आहे का? ‘माक्सिमो ओलिवेरोस’मध्ये ते दिसते, ‘लोला’मध्ये दिसते. नुसते गटार दिसते तेव्हा मी उठून जातो.

लाव दियाझविषयी तुम्ही विचारले नाही, पण कोणीतरी सांगेलच. त्याचा दहा तासांच्या आसपासचा ‘एबोलुस्योन नांग इसांग पामिल्यांग पिलिपिनो’ (२००४) हा कुटुंबाचाच चित्रपट आहे, आणि त्यात गावाकडची माणसे रेडिओवरची कौटुंबिक श्रुतिका कान देऊन ऐकतात. २०२२ च्या गोव्यातल्या महोत्सवात त्याच्या नव्या चित्रपटाला परीक्षकांचे विशेष पारितोषिक मिळाले. पण तो आत्ता पाहू नका. चित्रीकरणाआधी त्याच्या लयीचा प्रभाव पडला तर तुमचे मोजके दिवस पुरणार नाहीत. चित्रपट पुरा झाल्यावर निवांत पाहा.

शेवटी भाषेविषयी, कारण इंग्रजी उपशीर्षकांत ती हरवते आणि मराठी कानाला मात्र पकडता येते. तागालोग या तिथल्या प्रमुख भाषेत वडीलधाऱ्यांशी बोलताना वाक्यात ‘पो’ हा छोटा शब्द येतो; आपल्या ‘अहो-जाहो’चे काम तो करतो. होकार देतानाही मोठ्यांना नुसते ‘ओओ’ म्हणायचे नाही, ‘ओपो’ म्हणायचे. घरात पाऊल टाकताच थोरांचा हात हाती घेऊन कपाळाला लावायचा. भांडणाच्या प्रसंगात उपशीर्षके न वाचता नुसते ‘पो’ ऐकत बसा; तो कधी गळतो, कधी दातओठ खाऊन जास्तच स्पष्ट उच्चारला जातो, हे कळू लागले की प्रसंग कुठे वळला ते कळते. तुमच्या संहितेत सून सासूला पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत ‘अहो आई’ म्हणते. ज्या पानावर ती पहिल्यांदा काहीच न म्हणता नुसते वाक्य बोलेल, ते पान अजून तुम्ही लिहिलेले नाही. माझ्या हिशेबाने ते फ्रीजची किल्ली मागण्याच्या प्रसंगात, बावन्नाव्या पानाच्या आसपास यायला हवे.